देवराईतला खराटा

भावाच्या घरी परत आलेल्या विधवा बहिणीला रिकामं बसता येत नाही, हे मला कुणी शिकवलं नव्हतं. ते आपोआप कळतं. पापड लाटून झाले की मी लोणच्याला हात घालायची, लोणचं मुरायला ठेवलं की वहिनीच्या धाकट्याला मांडीवर घ्यायची. घरात मला कुणी 'ऊठ' म्हणत नव्हतं, पण 'बस' असंही कुणी म्हणत नव्हतं. भाऊ मनानं चांगला होता. लोकांची बोलणी ऐकून घेऊन त्यानं मला कॉलेजात घातलं, वनस्पतिशास्त्र घेऊन मी पदवी मिळवली, आणि पदवी मिळाल्यावरही पापड मीच लाटत होते.

भाटघरचं नवं धरण भरायला लागून दहाएक वर्षं झाली होती, तेव्हाची ही गोष्ट. हिर्डोशीच्या वरच्या अंगाला एक लहानशी वाडी आहे. तिथली देवराई एका ठेकेदाराला कोळशासाठी हवी होती. त्याचं म्हणणं असं की राई म्हातारी झालीय, मोठ्या झाडांखाली एकही रोप नाही, आज ना उद्या ती वठणारच. मग आत्ताच तोडून तिथं साग का लावू नये? ज्या अधिकाऱ्यापुढे हा अर्ज आला तो विचारी माणूस होता. त्यानं आमच्या सरांना लिहिलं की कुणाला तरी पावसाळाभर तिथं ठेवा आणि राई पुढं चालणारी आहे की संपत आलेली, ते पाहून कळवा. नवरात्राच्या आधी तो स्वतः येऊन बघणार होता आणि मगच ठरवणार होता.

सरांनी आधी दोन मुलग्यांना विचारलं. एकाला डोंगरचं पाणी बाधत होतं आणि दुसऱ्याच्या आईला डोंगर बाधत होता. मग सरांचा चष्मा माझ्याकडे वळला. वहिनी एवढंच म्हणाली, "आणि श्रावणात पुरण कोण वाटणार?" मी वैशाखात भोरच्या मोटारीत बसले.

भोरपासून पुढं बैलगाडी आणि शेवटी पाऊलवाट. वाडीला पोचले तेव्हा गावानं माझी सोय आधीच ठरवून ठेवली होती. पुरुषमाणसं असलेल्या घरात शहरातली एकटी बाई कशी ठेवायची, म्हणून मला वाडीच्या टोकाला एका म्हातारीकडे ठेवलं. तीही एकटीच होती. एकटीला एकटी बरी, असा सरळ हिशेब. मी तिला आजी म्हणायला लागले आणि ती मला बाई.

त्या मुलखातले डोंगर पहिल्यांदा बघणाऱ्याला दुःख व्हावं असे आहेत. भाताची आणि नाचणीची रोपं करायची तर आधी जमीन भाजावी लागते, त्याला राब म्हणतात. राबासाठी दरवर्षी झाडांच्या फांद्या तोडायच्या. तोडून तोडून ऐनाची झाडं नुसती खांबासारखी उरलेली. लोकांना पोट आहे, त्यांना मी काय बोलणार? पण अशा उघड्या डोंगराच्या कुशीत ती राई एकदम काळीभोर दिसायची. जांभूळ, हिरडा, अंजन, आणि मनगटाहून जाड गारंबीचे वेल. शेंदूर लावलेले दगड तिची हद्द. त्या दगडांपाशी वहाणा काढायच्या आणि आत जायचं. आतलं वाळकं पानसुद्धा हद्दीबाहेर न्यायचं नाही, काटकी तर दूरच. अंत्यविधीला लाकूड नसलं तरी इथलं घ्यायचं नाही, असं पाटील मला अभिमानानं म्हणाले.

आत मधोमध देवीची उघड्यावरची शिळा आणि भोवती स्वच्छ जमीन. पहिल्या दिवशी मला ती स्वच्छता बघून बरंच वाटलं. अनवाणी पायांना माती टणक आणि गार लागत होती, सारवलेल्या अंगणासारखी. मग मी कामाला लागले आणि माझा उत्साह मावळत गेला. मी वाकून, रांगून, ओणवी होऊन शोधलं. ठेकेदार खरं बोलत होता. एवढ्या मोठ्या जांभळांखाली बोटभर रोप नव्हतं.

सावली दाट म्हणावी, तर जांभळाचं रोप सावलीत चांगलं वाढतं. गुरं म्हणावीत, तर देवीच्या धाकानं गुराखी तिकडे फिरकत नव्हते. बी किडत असेल म्हणून मी मागल्या सालची कुजकी बी शोधायला गेले, तर तीही दिसेना. सरांना लिहिण्यासारखं काहीच नव्हतं.

संध्याकाळी मला फार एकटं वाटायचं. घरी एकटेपणा असतो, पण त्याच्यावर भांड्यांचा आवाज असतो. इथं तोही नव्हता. गावाला माझं काम कळत नव्हतं आणि मला ते नीट सांगता येत नव्हतं. झाडांची डॉक्टरीण आलीय अशी आवई उठली होती, त्यामुळे सुरुवातीला एक जण फणस धरत नाही म्हणून तक्रार घेऊन आला आणि एक जण सासूचा गुडघा घेऊन. दोघांनाही माझा उपयोग झाला नाही. त्यानंतर लोक नुसतं 'जेवला का बाई' विचारून पुढं जायचे. मी जेवले असले तरी आणखी कुणी काहीतरी विचारावं असं मला वाटायचं.

आजी कमी बोलायची. पहाटे उठून ती कुठंतरी जायची आणि भाकरीच्या वेळेला परत यायची. मी आपली वाट धरून दिवसभर राईत, त्यामुळे तिच्या-माझ्या वेळा चुकायच्या. एका संध्याकाळी चुलीपाशी तिनं आपण होऊन सांगितलं की ती इथली नाही. पलीकडे वेळवंडीच्या खोऱ्यात तिचं गाव होतं, ते भाटघरच्या पाण्याखाली गेलं. कोणी सारोळ्याकडे गेलं, कोणी कुठं. नवरा त्याच धांदलीत तापानं गेला. लांबच्या नात्यातलं एक घर इथं होतं, म्हणून ती इथं आली, आणि वर्षाच्या आत ते घरही मुंबईला निघून गेलं.

"देवी तितंच ऱ्हायली," ती म्हणाली. "उन्हाळ्यात पानी उतरलं की तिचा चौथरा उघडा पडतो म्हनं. म्या गेलीच न्हाई बघाया. चिखलात बसल्याली देवी कशी बघू?"

त्या दिवसापासून ती मला बाई म्हणेनाशी झाली. 'पोरी' म्हणायची आणि अगंतुगं करायची. मला आई आठवत नाही, त्यामुळे हे मला किती गोड लागलं ते सांगून कळायचं नाही.

ज्येष्ठ लागायच्या सुमाराला जांभळं पिकायला लागली. पडलेल्या बियांचं पुढं काय होतं ते बघण्यासाठी मी राईत ठिकठिकाणी सुतळीचे चौकोन आखले, कोपऱ्यांना खुंट्या मारल्या, आणि प्रत्येक चौकोनात किती फळं पडली ते टिपून ठेवलं. दुसऱ्या दिवशी जाऊन बघते तर चौकोन गायब. सगळी सुतळी नीट गुंडाळून देवीच्या शिळेजवळ ठेवलेली, खुंट्या तिच्या शेजारी रचून ठेवलेल्या, आणि जमिनीवर खराट्याच्या ओळी उमटलेल्या. जांभूळ एकही नाही.

मी घरी आले तेव्हा आजी भाकरी थापत होती. दाराशी तिचा खराटा टेकून ठेवलेला होता. तो तिथं रोजच असायचा आणि रोज मी त्याला ओलांडून जायची.

"आजी, राई तुम्ही झाडता?"

"मग कोन झाडनार? आदीची म्हातारी गेली, तवापासनं माजंच काम ते. आज लई केर पडला हुता. तुजी सुतळी चांगली दिसली म्हनून ठिवली उचलून."

"आणि पावसाळ्यात?"

"पावसाळ्यात झाडाय काय ऱ्हातंय. गवत उगवतं, ते उपटती. देवीच्या अंगनात तन दिसाया नगं."

"मग केर कुठं टाकता? बाहेर तर न्यायचा नाही ना?"

"खालच्या वगळीत लोटती. वगळ हद्दीतच हाय."

मी पाटावर न बसता तशीच परत राईत गेले. हद्दीच्या आत, खालच्या अंगाला एक खोल ओघळ होती, तीच वगळ. आत उतरायला वाट नव्हती म्हणून मी तिकडे कधी गेलेच नव्हते. उतरले आणि तिथंच बसले. वर्षानुवर्षांच्या कुजलेल्या पाल्यावर जांभळाची रोपं इतकी दाट उगवली होती की पाय ठेवायला जागा नव्हती. जांभळाच्या एका बीतून कधी कधी दोन-तीन कोंब येतात; तसे कोंब एकमेकांना ढकलत वर आले होते. हिरड्याची रोपं होती, अंजनाची होती. सगळी राईची पोरं त्या खड्ड्यात दाटीवाटीनं राहत होती आणि दाटीमुळेच वर्षा-दोन वर्षांत मरत होती.

राई म्हातारी नव्हती. तिला कुणी मूल सांभाळू दिलं नव्हतं, आणि तेही भक्तीनं. इथलं पानही बाहेर न नेणारं गाव, देवीचं अंगण आरशासारखं ठेवलं की देवी प्रसन्न होते असं समजत होतं. याला अडाणीपणा म्हणायला माझी जीभ रेटत नाही. आपण नाही का, लहान मुलाला इतकं घासून न्हाऊ घालत की ते आजारी पडावं?

पण आता हे बंद व्हायला हवं होतं, आणि आताच. यंदाची जांभळं पडत होती. ती जागेवर राहिली तर पावसात उगवणार, आणि उगवली तरच तो अधिकारी येईल तेव्हा त्याला दिसणार. मी पाटलांना सांगितलं असतं तर त्यांनी एका शब्दात झाडणं थांबवलं असतं. सरकारी कामाला वाडीत कोणी नाही म्हणत नव्हतं. पण मी आधी आजीला सांगितलं. मला ते तसंच योग्य वाटलं.

तिनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हंजे म्या झाडती म्हनून राई तोडनार."

"तसं नाही आजी."

"तसंच हाय की." तिनं तवा उतरवून ठेवला. "दसऱ्याला देवीचा नारळ फुटतो. मानकऱ्यांच्या वाट्या झाल्या की शेवटची वाटी मला असती. झाडनारनीची. माजं हितं शेत न्हाई, घर दुसऱ्याचं, मानूस कोन न्हाई. त्या वाटीच्या टायमाला गाव माज्याकडं बघतं. तेवडंच. आता न्हाई झाडलं तर म्या हितं कोन?"

हा प्रश्न माझ्या ओळखीचा होता. मी पापड लाटायचं थांबवलं असतं तर मीही भावाच्या घरात हेच विचारलं असतं. मला एवढंच म्हणता आलं, "मी पाटलांशी बोलते. वाटी तुमचीच राहील."

"बोला," ती म्हणाली. मग, तवा परत चुलीवर ठेवत, "बोला बाई."

पाटील काही वाईट माणूस नव्हते. मी म्हटलं, आजीला राईची राखणदारीण म्हणा, रोपं सांभाळणं हेसुद्धा कामच आहे. ते हसले. "बाई, खराटा हाय म्हनून मान हाय. रोपं काय, आपसूक वाढत्यात. बसून ऱ्हान्याला मान दिला तर समदं गाव बसंल." तरी शेवटी ते म्हणाले, बघू दसऱ्याला. मी त्या 'बघू'वर विसंबले.

दुसऱ्या दिवसापासून आजीनं झाडणं सोडलं. कुणी तिला हुकूम केला नव्हता. पण पहाटे उठण्याची सवय तिला मोडता येईना. खराटा घेऊन ती हद्दीच्या दगडापर्यंत जायची, तिथं खाली बसायची, आणि ऊन वर आलं की परत यायची. पाऊस लागला तरी इरलं घेऊन बसायची. मी तिच्या शेजारून आत जायची, ती माझ्याकडे बघायची नाही. घरात भाकरी वेळेवर मिळे, पांघरूण कोरडं मिळे, आणि दिवसात 'जेवा बाई' याखेरीज शब्द नसे. तो पावसाळा माझ्या आयुष्यातला सगळ्यात एकटा पावसाळा. बाहेर राई भरून येत होती आणि मला ते दाखवायला माणूस नव्हतं. आषाढात जांभळाच्या बियांना कोंब फुटले. श्रावणात कुजलेल्या पानांमधून त्यांची तांबूस पानं वर आली. एकदा मी न राहवून म्हटलं, "आजी, चला ना बघायला." ती म्हणाली, "तन कदी बघितलं न्हाई व्हय म्या?"

नवरात्राच्या आधी अधिकारी आला. वहाणा काढून आत आला, दोन पावलं टाकली आणि थांबला, कारण पुढं पाय टाकायचा तर रोपं तुडवावी लागली असती. तो खाली वाकून हसला. ओघळीतली जुनी रोपं मी दाखवली, सगळं सांगितलं. ठेकेदाराचा अर्ज त्यानं फेटाळला. गावानं त्या दिवशी मला पहिल्यांदा 'जेवला का' याच्या पुढचं काही विचारलं.

दसऱ्याला देवीपुढं नारळ फुटले. गुरवानं एकेका मानकऱ्याला वाटी दिली. शेवटची वाटी हातात घेऊन तो वळला आणि त्यानं ती माझ्यापुढं धरली.

मी मागं बघितलं. आजी हद्दीच्या दगडापाशी उभी होती. पदराखालून तिचा हात थोडा बाहेर आला होता, तो तसाच थांबला होता.

"ही त्यांची आहे," मी म्हणाले.

"ती कुठं झाडती आता?" पाटील म्हणाले, अगदी प्रेमानं. "राई तुमी राखली बाई. देवीचा मान हाय, न्हाई म्हनू नगा."

सगळी वाडी माझ्याकडे बघत होती. लग्न सोडलं तर माझ्याकडे इतक्या माणसांनी कधी बघितलं नव्हतं, आणि लग्नात ती दागिने बघत होती. मला ते आवडलं. मनापासून आवडलं. वाटी मी घेतली. पुन्हा मागं बघितलं तेव्हा दगडापाशी कोणी नव्हतं.

घरी जाऊन मी ती वाटी आजीपुढं ठेवली. "तुमची आहे."

"माजी कशी? तुला दिली." तिनं कोयत्यानं खोबरं काढलं, अर्धं माझ्या हातावर ठेवलं, अर्धं स्वतः घेतलं. आम्ही चुलीपाशी बसून चावत राहिलो. करवंटी बाजूला ठेवून ती म्हणाली, "तुला एका पावसाळ्यात मिळाली. मला मिळाया लई वर्सं गेली, पोरी."

पुन्हा 'पोरी' म्हणाली म्हणून मी रडले. ती रडली नाही.

मी पुण्याला परतले. त्या कामाच्या जोरावर मला एका मुलींच्या शाळेत नोकरी मिळाली आणि मी वेगळी खोली घेतली. भावाला वाईट वाटलं, वहिनीला अडचण झाली. काही उन्हाळे गेले, आणि एका सुट्टीत मी पुन्हा वाडीला गेले. राईत कमरेइतकी जांभळं उभी होती. हद्दीवरून देवीची शिळाच दिसत नव्हती. मी तिथं उभी राहिले आणि मला अभिमान वाटला. आपण चुकलो असं मला तेव्हा वाटलं नाही, आजही वाटत नाही.

आजीच्या घराला कडी होती. शेजारीण म्हणाली, "ती गेली धरनाकडं. पानी उतरलं की जाती. पाऊस आला की येती परत. हितं तिला काय काम हाय आता?"

मी भोरला उतरले आणि पाण्याच्या कडेकडेनं चालत निघाले. पलीकडे वेल्ह्याकडचे डोंगर उन्हात करडे दिसत होते. पाणी खूप आत सरकलं होतं आणि मागं भेगाळलेल्या चिखलाचं मैदान उरलं होतं. त्या मैदानात घरांची जोती होती, एक पाटा होता, वठलेल्या झाडांचे बुंधे होते. आणि त्यांच्या पलीकडे एक दगडी चौथरा होता, आसपासच्या चिखलात तो एकटाच स्वच्छ होता. त्याच्यावर ती वाकून खराटा मारत होती.

मला बघून तिनं कंबर सरळ केली. "आलीस? बस तितं. ते आमच्या दाराचं जोतं हाय."

मी बसले. वाळलेला गाळ ती कोपऱ्यातून काढत होती, कडेपर्यंत आणत होती, खाली लोटत होती. मी म्हटलं, "आजी, पाऊस आला की हे सगळं परत पाण्याखाली जाणार ना?"

"जानारच की."

"मग?"

"मग काय. फुडल्या उन्हाळ्यात परत उतरंल." तिनं खराटा उलटा धरून दगडावर आपटला, काड्या सारख्या केल्या. "आन हितं काय उगवत न्हाई, पोरी. हितं मला झाडाया कोन नगं म्हननार न्हाई."

मी उठून तिच्या हातातला खराटा घ्यायला गेले. तिनं तो मागं घेतला.

"तू बस," ती म्हणाली. "तुजी राई हाय तिकडं. ही माजी हाय."

मी पुन्हा तिच्या दाराच्या जोत्यावर जाऊन बसले. आयुष्यात प्रथमच मला कुणीतरी नुसतं बस म्हटलं होतं, आणि मला तिचा हेवा वाटत होता.